खांद्याने हलायचं नसतं

नाही, नाही, कॅमेऱ्याकडे नाही बघायचं — तिकडे बघितलं की माणूस निवडणुकीला उभा राहिल्यासारखा दिसतो. इकडे, या स्टँडकडे बघा. त्याच्यावर टोपी अडकवलीय ना, ते तुमचे दादा. हसा, आत्ताच हसून घ्या — दादांची उंची मी काल टेप लावून मोजलीय, बसल्यावर त्यांचे डोळे बरोब्बर टोपीच्या काठाशी येतात, म्हणजे तुम्ही काठाकडे बघत बोललात की तुमच्या आईंना वाटणार, धाकटा थोरल्याच्या डोळ्यांत बघून बोलतोय. हां, अस्सं. जरा डावीकडे. काल दादा उजवीकडे बघून बोलले, म्हणून आज तुम्ही डावीकडे — दोघंही एकाच बाजूला बघायला लागलात तर गप्पा मारताय असं दिसतच नाही, दोन माणसं बसची वाट बघतायत असं दिसतं. आणि ते मधूनमधून वर बघणं तेवढं बंद करा. वर काय आहे? पंखा आहे. ड्रायव्हिंग स्कूल चालवता ना तुम्ही, आरशात बघायची सवय लागलीय — इथे मागून ट्रक येत नाहीये, निवांत बसा.

दिसेल का खरं? अहो, खऱ्यापेक्षा खरं दिसेल. तुमच्या ताई आल्या त्या दिवशी त्यांनी पण हेच विचारलं. म्हणाल्या, आई रविवारी ऐंशी पूर्ण करतेय, आणि मी मूर्खासारखी फोनवर बोलून बसले की दोघांचं जमलंय, तर आई म्हणाली, मग दाखव — चहा संपेपर्यंत दोघं बोलताना दाखव, मला बाकी काही नको. झाली ना पंचाईत! तुम्ही दोघं चार वर्षं एकमेकांच्या वाऱ्याला उभे राहत नाही, म्हातारीला प्रवास झेपत नाही, आणि ताई मध्ये लटकलेल्या. म्हणाल्या, वेगवेगळं शूट करून जोडता येईल का? मी म्हटलं, ताई, चुटकीसरशी. माझी बारा वर्षं मालिकांच्या युनिटमध्ये गेलीत. तिथले एक नवरा-बायको — मालिकेतले हो — दोन वर्षं एकमेकांचं तोंड बघत नव्हते. ती सकाळी येऊन जायची, तो जेवून यायचा. आणि घरोघरी बायका डोळे पुसतायत, काय प्रेम आहे हो दोघांचं! प्रेम कसलं डोंबलाचं — ती बोलायची फरशी पुसायच्या दांड्याशी, आणि तो बोलायचा आमच्या लाइटवाल्या मामांशी. मामांना तिची शाल पांघरायची, केसांचा टोप घालायचा आणि पाठमोरं बसवायचं. मामांना मिशा होत्या चांगल्या झुपकेदार, पण पाठीला कुठे मिशा दिसतात? मुलाखतवाल्यांचं तर विचारूच नका — कॅमेरा एकच, तो सगळा वेळ पाहुण्यावर. पाहुणा गेला, त्याची गाडी सुटली, की कॅमेरा फिरवायचा मुलाखत घेणाऱ्यावर आणि त्याने रिकाम्या खुर्चीकडे बघत दहा मिनिटं मान डोलवायची. हं. हो का. वा वा. अरेरे. एकाने त्या खुर्चीला 'डोळ्यांत पाणी आणलंत' म्हटलेलं मी या कानांनी ऐकलंय. मग ते तुकडे मध्ये मध्ये पेरायचे, की झाला संवाद. जगात जेवढे संवाद तुम्ही पडद्यावर बघितलेत ना, त्यातले निम्मे असेच, एकाने टोपीशी केलेले.

चहाचा कप थोडा खाली धरा. अजून. कालच्या कपात चहा अर्धा होता, तुमचा भरलेला दिसला तर आई म्हणणार, याला नेहमीचंच, आधी पोरीला मिळतो, मग थोरल्याला, आणि याला शेवटी — असं म्हणायच्या ना? मला कसं माहीत? दादाच सांगत होते. काल बोलले हो ते पुष्कळ. ताईंनी लिहून दिलेला कागद होता समोर, सहा वाक्यांचा — काय रे कसा आहेस, गाड्या किती झाल्या, गुडघा काय म्हणतो — पण माणूस एकदा समोर खांदा दिसला की सुटतो. खांदा म्हणजे? सांगते. नुसती दोन तोंडं आलटून पालटून दाखवली तर बघणाऱ्याला शंका येते, ही दोघं एका खोलीत आहेत तरी का? म्हणून मधूनच एक शॉट खांद्यावरून घ्यायचा — पुढे एकाची पाठ, थोडा कान, थोडा खांदा, तोही धूसर, आणि पलीकडे दुसऱ्याचा चेहरा. तो खांदा दिसला की शंका मिटली. कुणाचा खांदा आहे हे कुणी बघत नाही. काल तुमचा खांदा मी झाले होते. ताईंनी तुमचं ते चॉकलेटी जॅकेट आणून दिलं होतं, ते घातलं, केस आत कोंबले, कॅमेरा चालू करून ठेवला आणि येऊन बसले दादांच्या समोर, पाठ कॅमेऱ्याकडे. काय जॅकेट आहे हो तुमचं, खिशात तीन शिट्ट्या आणि एक अर्धी गोळी निघाली. त्यात खांद्याचा नियम एकच. खांद्याने हलायचं नसतं, बोलायचं नसतं, मान डोलवायची नसते. समोरचा रडो, शिव्या देवो, खांद्याने खांद्यासारखं राहायचं. आज दादांचा कोट आणलाय, तुमच्या वेळी तो घालून बसेन.

काय बोलले? ते काय, किरकोळ. चष्म्याच्या दुकानाचं, गिऱ्हाइकांचं — म्हणे एक गिऱ्हाईक दर महिन्याला येतं आणि नंबर वाढल्याचं दादांच्याच अंगावर ढकलतं. आईंचं. तुमचं लहानपणचं. मग ते थोडं — नाही, ते कागदात नव्हतं, ते मी वापरणारही नाही, ते कापायचंच आहे. अहो म्हणजे ते हसण्याचं वगैरे. 'मी का हसलो मला आठवत नाही' वगैरे, ते — चला, पहिलं वाक्य घेऊ या आपण? 'बरा आहे दादा, तू कसा आहेस?' सरळ, साधं, काठाकडे बघून. तीन म्हटलं की सुरू करा. एक, दोन —

उठताय कशाला? बसा. वायर आहे पायाशी. हो, म्हणाले ते हसण्याबद्दल. तुम्ही कशाला असे बघताय माझ्याकडे? मला सगळं माहितीय म्हणून? आता सगळं माहितीये. परवापर्यंत मला एवढंच ठाऊक होतं की दोन भाऊ बोलत नाहीत, त्यात नवल ते काय. काल कळलं कशावरून. दादांच्या लेकीचं लग्न, संध्याकाळी जेवणाआधी तुमचं भाषण, आणि महिन्याभराने सगळे घरात जमून लग्नाची फिल्म बघत होते, मोठ्या टीव्हीवर, जावईबापूंसकट — आणि त्यात तुम्ही बोलताय, बाबा गेले तेव्हा मी नऊ वर्षांचा होतो, दादा सतरा, आणि दादा मला म्हणाला, रडायचं खातं तुझ्याकडे, बाकी सगळं मी बघतो — आणि टपकन् दादांचा चेहरा. हसतायत. नुसते नाही, शेजारच्याकडे झुकून, दात दाखवून, थट्टेने. साडेतीन सेकंद. तुम्ही उठलात, चपला घातल्यात, गेलात. चार वर्षं झाली. बरोबर?

थांबा हो. बसा जरा. मी ठरवलं होतं तोंड उघडायचं नाही म्हणून. रात्री पडल्या पडल्या ठरवलं होतं — काम करायचं, जोडायचं, ताईंना द्यायचं, विषय संपला. कुणाला कळणार होतं? कॅमेऱ्यामागचा माणूस कुणाला आठवत नाही, तुम्हाला तरी आठवतेय का मी? चार वर्षांपूर्वी केस काळे होते. मी तेव्हा त्या लग्नाच्या फिल्मा करणाऱ्यांकडे नोकरीला होते, त्या महिन्यात चौदा लग्नं, शूटही मी आणि जोडायचंही मी, मालक नुसता फोनवर 'झालं का, झालं का'. नवरा कोण नवरी कोण मला कळेनासं झालं होतं — एका फिल्ममध्ये दुसऱ्याच लग्नातली आत्या चार वेळा नाचलीय, अजून कुणी तक्रार केलेली नाही. तुमचं लग्न मला काल आठवलं. समोर दादा बसलेले, मी तुमच्या जॅकेटात, आणि ते कागद बाजूला ठेवून म्हणाले — तुम्हालाच म्हणाले हो, म्हणजे मला, म्हणजे जॅकेटला — 'मी का हसलो मला आठवत नाही रे. खूप आठवून बघितलं. पण हसलोय. सगळ्यांनी बघितलंय, मी पण बघितलंय. माणूस एवढा हलकट कसा असू शकतो, की आपण कधी हसलो ते त्याला आठवूही नये? तुझ्यासमोर यायला तोंड नाही म्हणून येत नाही.' तुम्हाला वाटत होतं, त्याला माज आहे म्हणून येत नाही. होय ना? मला पण ताईंनी तसंच सांगितलं होतं. थोरला ताठ आहे म्हणून.

तर मी हलले. बारा वर्षांत पहिल्यांदा खांदा हलला. शॉट वाया गेला. दादा म्हणाले, काय झालं बाई? मी म्हटलं, काही नाही, मुंगी. मुंगी म्हटलं मी! भित्री कुठली.

काय हलायचं कारण? अहो, ते हसले नव्हते. तुम्ही बोलत असताना नव्हते हसले. ऐका नीट, आणि मध्ये बोलू नका, नाहीतर मी पुन्हा मुंगीवर जाईन. समोरचा बोलतोय आणि ऐकणाऱ्याचा चेहरा दाखवतात ना, त्याच्याइतका खोटारडा शॉट आमच्या धंद्यात दुसरा नाही. का? कारण माझ्याकडे कॅमेरा एक. तुम्ही बोलताय तर तो तुमच्यावर. मग ऐकणाऱ्यांचे चेहरे कुठून येतात? कुठूनही! सकाळचे, दुपारचे, जेवताना घेतलेले. तुमच्या त्या भाषणात तुम्ही मध्येच अडकलात — आठवतंय ना, 'बाकी सगळं मी बघतो' म्हटलंत आणि पुढे शब्दच फुटेना. पाणी प्यालात. कागद उलटासुलटा केलात. चाळीस सेकंद सगळा हॉल गप्प. आता फिल्ममध्ये चाळीस सेकंद कोण बघणार? कापले मी. कापले की सांधा दिसतो, माणूस एकदम उडी मारल्यासारखा दिसतो, म्हणून सांध्यावर दुसरं काहीतरी चिकटवावं लागतं. आणि मी आवाज बंद करून जोडत होते — हीच ती माझी घोडचूक — कारण मालक म्हणाला होता, भाषणांवर गाणंच टाकायचंय, ऐकत बसू नकोस. नंतर तुमच्या घरच्यांनीच सांगितलं, भाषण ऐकू येऊ दे, तर त्याने गाणं काढलं आणि दिलं पाठवून, मला विचारलंसुद्धा नाही. मी आपली आवाज बंद ठेवून बघतेय, काका बोलतायत, लग्नघर आहे, नवरीचे वडील हवेत, हसरे हवेत. शोधलं. सापडले. दुपारी चारला, हॉलच्या दारावर दुसऱ्याच लग्नाचा बोर्ड लागलेला, कुणातरी भलत्याच वधूवरांची नावं, आणि ते बघून दादा शेजारच्याला हसत काहीतरी सांगतायत. मला वाटलं, किती छान हसतोय हा माणूस. उचलला आणि चिकटवला. कुठे चिकटवला, ते मला काल कळलं.

खोटं बोलतेय? तुम्हाला बरं वाटावं म्हणून? अहो, मला कुणाला बरं वाटवायची सवय नाही. फिल्म आहे तुमच्या फोनमध्ये? असेलच, अशा गोष्टी माणूस जपून ठेवतो. लावा. तो चेहरा आला की थांबवा. थांबवलात? आता दादांकडे बघू नका, त्यांच्या मागे बघा. खिडकी आहे ना? काय आहे खिडकीत? ऊन. आता एक सेकंद मागे जा, तुमच्यावर. तुमच्याही मागे तसलीच खिडकी आहे, त्याच भिंतीतली. तिथे काय आहे? काळोख. संध्याकाळी आठ वाजता भाषण चालू आहे आणि थोरल्याच्या मागे टळटळीत ऊन पडलंय! चार वर्षं तुमच्या घरातल्या सगळ्यांनी ते बघितलं, ताईंनी बघितलं, दादांनी बघितलं — चष्म्याचं दुकान आहे हो त्यांचं, लोकांचे डोळे तपासून जन्म गेला — आणि खिडकी कुणाला दिसली नाही. तुमचा दोष नाही. चेहरा असला की खिडकीकडे कोण बघतं. आम्ही जगतो कशावर मग?

घ्या, पाणी घ्या. कपातला चहा नका पिऊ, तो कालचा आहे, नुसता दिसायला ठेवलाय.

आता अजून एक आहे. हे मी खरंच सांगणार नव्हते. पण आता काय, निम्मं ओकलेच आहे. ती नोकरी सोडली तेव्हा मालक जुन्या डिस्का भंगारात घालत होता, मी पिशवी भरून उचलून आणल्या, कशाला आणल्या देव जाणे, माळ्यावर पडल्या होत्या. काल दादा गेल्यावर शिडी लावून चढले. साठ वर्षांची बाई शिडीवर, तोंडात टॉर्च धरून. चौथी की पाचवी डिस्क तुमची निघाली. ते कापलेले चाळीस सेकंद शोधले. तुम्ही पाणी पिताय, आणि तुमचं पाणी पिणं काय दाखवायचं म्हणून मी कॅमेरा फिरवलाय, पहिल्या रांगेकडे, नवरीच्या वडिलांकडे. म्हणजे खरा शॉट होता माझ्याकडे. त्याच क्षणाचा. आणि मी तो टाकून दिला. का टाकला ते आठवत नाही, पण माझ्या वहीत लिहिलंय — दोन शब्द लिहिलेत, 'चेहरा नाही'.

दाखवते. इकडे या, हा स्क्रीन छोटा आहे. तुम्ही तुमची खुर्ची ओढून घ्या. हे तुम्ही. 'बाकी सगळं मी बघतो.' हे तुम्ही थांबलात. आता कॅमेरा फिरतोय... थोडा हलतोय, ते माझा हात दुखायचा तेव्हा. या वहिनी. ही नवरी. आणि हे. हे दादा. कोट घातलेला, बघा, दुपारी नव्हता. टेबलावरचा रुमाल घेतलाय दोन्ही हातांत आणि तोंड त्यात खुपसलंय. पूर्ण. कपाळसुद्धा दिसत नाही. आणि खांदे बघा. नाही, चित्र खराब होऊन हलत नाहीये, ते खांदे हलतायत. वहिनी पाठीवर हात ठेवतायत, तो पण ते झटकतायत. शेवटपर्यंत असंच. तुम्ही पुन्हा बोलायला लागलात तरी तसेच. चेहरा नाही म्हणे! असा रडणारा माणूस समोर होता आणि मी वहीत लिहिते, चेहरा नाही.

पुन्हा लावू?

लावते.

पुन्हा?

बरं. लावत बसू या हवं तर, मला काय, आज दुसरं काम नाही. त्यांना? नाही, त्यांना अजून सांगितलेलं नाही. काल खरं तर रात्रीच फोन करायला हवा होता. नंबर काढून बसले होते. पण काय सांगू फोनवर, की तुम्ही चार वर्षं ज्या हसण्याची लाज वाटून घेताय ते मी चिकटवलंय? त्यांनी मला जाताना दोनदा 'मुंगी चावली का हो बाई' विचारलं, मलम लावा म्हणाले. असल्या माणसाला कसं सांगायचं? तुम्ही निदान आल्या आल्या आवाज चढवलात, पार्किंगवरून, म्हणून तुम्हाला सांगता आलं. एखादी शिवी द्या हो. द्या ना, मोकळे व्हा. मी बारा वर्षं सेटवर होते, मला नवीन एकही सापडणार नाही. नको? बरं.

अहो पण शूट? नाही, मी जबरदस्ती करत नाही, पण रविवार तोंडावर आलाय, ताई मला फाडून खातील. आईंना काय पाठवू मी? निम्मा संवाद? दादा एकटेच विचारतायत, गुडघा काय म्हणतो, आणि समोरून मुंगी चावलेला खांदा?

दोघं आईंकडे जाणार म्हणता. रविवारी. बसने? तुमच्या गाडीने — मग दादांना पुढे बसवा, मागे त्यांना मळमळतं, काल सांगत होते.

दुकानात आहेत ते आत्ता, हो. सहापर्यंत असतात. ही डिस्क घेऊन जा. नाही, ठेवून काय करू मी, तुमचीच आहे. तिथे लावायला काही नसेल तर... मी येऊ का? मीच चुकले, मीच सांगायला — आणि आलेच तर कॅमेरा पण आणते, छोटा आणते, कळणारसुद्धा नाही, कोपऱ्यात उभी राहीन, आईंना तेवढंच खरंखुरं दाखवायला —

नको.

हो. नकोच. बरोबर आहे तुमचं. जा मग. अहो, जा ना, उभे काय राहिलात, सहा वाजतील. आणि माझ्याकडे असं बघू नका. दिव्यांनी डोळ्यांना त्रास होतो मला, रोजचंच आहे. दार ओढून घ्या.